सारजाबाईच्या नावावरच्या भाकरी

दिग्विजयच्या हातची भाकरी निमगाव केतकीत दोघींनाच ठाऊक. एक त्याची आई द्वारकाबाई, दुसरी शेजारची सारजाबाई. सहा वर्षांमागं द्वारकाबाईंचं उजवं अंग लुळं पडलं आणि परात त्याच्याकडं आली. सकाळी दार लोटून घ्यायचं, भाकरी थापायच्या, देवाला नैवेद्य दाखवायचा, मग डाळिंबाच्या बागेत. वय तेहतीस. शेतकरी नवरा नको म्हणून नऊ स्थळं फिरलेली. दहावं जाऊ द्यायचं नाही, असा विजयसिंहमामांचा पण.

गुरुवारी सुप्याचे मोहनराव लेकीसाठी घर बघायला आले. भाकरी पहाटेच करून ठेवलेल्या.

"सारजानं केल्यात म्हणायचं," मामांनी बजावलं होतं. "न्हायतर बायल्या म्हणून गावभर व्हशील."

मोहनरावांनी घास मोडला. "काय पापुद्रा सुटलाय! कुणाच्या हातची?"

"माज्याच की," सारजाबाई खाली बघत म्हणाली. तिची भाकरी कसली असते, ते आळीला विचारावं.

"आमच्या प्रगतीला हे जमायचं न्हाय बरं का. पतसंस्थेत हाय ती, सांजच्याला सात वाजता घरी येती. आधीच सांगितल्यालं बरं."

मला जमतंय की, दिग्विजयच्या अगदी ओठांवर आलं. एवढ्या वर्षांत पहिल्यांदाच ते सांगण्याजोगं झालं होतं. तोच मामांचा पंजा त्याच्या मांडीवर पडला.

"शिकंल की, राव! आमच्या घरात गडीमाणूस पाण्याचा तांब्याबी हातानं घेत न्हाय."

सगळे हसले. मोहनराव जरा मागून हसले. द्वारकाबाईंच्या लुळ्या हाताकडं बघत राहिले.

"मंग नोकरी सोडाया लागंल तिला," ते म्हणाले. "सोडंल. माणसं चांगली हायेत."

सुपारी फुटली. पेढे वाटले. द्वारकाबाईंनी देवाला डावा हात जोडला, एकटाच.

दिवेलागणीला सारजाबाईच चुलीपुढं बसली. मामा मुक्कामाला होते. आतून थापण्याचा आवाज येई, मधेच तुटे. करपल्याचा वास आला.

"दिगू, बघ की जरा..." द्वारकाबाई बोलल्या.

मामांनी नुसतं वर बघितलं. दिग्विजय उठला नाही.

ताट आलं. द्वारकाबाई डाव्या हातानं भाकरीचा काठ मोडू लागल्या. मोडेना. रोज तो दुधात कुस्करून द्यायचा.

दिग्विजयनं पाण्याचा तांब्या मागितला. सारजाबाईनं आणून दिला.