पैलाडचे मोर

येवल्याच्या विणकर गल्लीत इब्राहिमचं नाव दोन गोष्टींसाठी घेत. एक, पैठणीच्या मोरावर त्याचा हात बसला होता. दोन, थापा मारण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. गंमत होती तोवर होती. पुढे ह्याच जिभेनं त्याचं घर बुडवलं.

मंदीची ती वर्षं. पोटाला नाही तिथं पैठणी कोण नेसतं? त्यातच बायको मेहरुन्निसा तापानं गेली. आठ वर्षांची जुलेखा तेवढी मागं राहिली आणि तिनं बोलणंच टाकलं. आईचा रहाट कोपऱ्यात तसाच पडलेला. ह्या रहाटावर मेहरुन्निसा रेशमाच्या कांड्या भरून द्यायची, तेव्हा कुठं इब्राहिमचा माग चालायचा. कांडी नाही तर आडवा धागा नेणाऱ्या धोट्यात काय घालणार, कपाळ? पोर त्या रहाटाकडं नुसती बघत बसायची.

शेवटी इब्राहिमनं आपलं जुनं हत्यार काढलं.

"जुलेखा, गेलेली माणसं कुठं जातात, ठाव हाय का? पैलाडला! तिथं मोठा बाजार भरतो. पण रुपया चालत नाय हां, ना इंग्रजाचा, ना निजामाचा. सोनं पुढं केलं तर दुकानदार हसतात."

किती दिवसांनी पोरीनं मान वर केली. "मग काय चालतं?"

"मोर. रेशमाचा, नखाएवढा."

"आणि मिळतं काय?"

"गेलेल्या माणसाची भेट," इब्राहिम बोलून गेला आणि त्यानं जीभ चावली. पण पोरीचे डोळे असे चमकले की शब्द मागं घ्यायची त्याची छाती झाली नाही.

"अम्मीची भेट केवढ्याला?"

त्याची नजर फळीवर गेली. मेहरुन्निसाची तेलाची डबी तिथं होती. "ही डबी भरून मोर."

झालं! दुसऱ्या दिवसापासून जुलेखा रहाटाला बसली. दिवसभराच्या कांड्या भरल्या की संध्याकाळी एक मोर, असा करार. एक पैठणी कापून दुसरी लावताना मागावर उभ्या धाग्यांचा वीतभर ताणा उरतो, तो रेशीम देणारा शेठ मागत नाही. त्या ताण्यावर इब्राहिम तुटक्या धाग्यांचे मोर विणायचा. निळी मान, लाल डोळा. थाप खोटी, पण काम अस्सल. पोरगी प्रत्येक मोर उलटा करून बघायची. पैठणीला उलटी बाजू नसते, दोन्हीकडून सारखीच. "मागं धागा लोंबला की नाणं खोटं," असं त्यानंच तिला शिकवलं होतं.

गुलाबी थंडी पडली आणि डबी भरली.

जुलेखानं केस विंचरले, ईदचा कुर्ता घातला, डबी हातात घेतली आणि मागासमोर उभी राहिली. "चला अब्बा."

अरे, तेव्हाच सांगून टाकायचं होतं ना, की बाई गं, बाप खोटारडा आहे! रडली असती, दोन दिवस रुसली असती. पण पोरीचं रडणं इब्राहिमला नको होतं. आणि खरं बोलायचं तर लग्नाच्या पैठणीचं एक काम नुकतंच हाती आलं होतं, त्याला कांड्याही हव्या होत्या. तो म्हणाला, "पोरी, पैलाडला भाव चढला. आता मडकं भरावं लागतंय."

"तिथं पण महागाई?" एवढंच ती बोलली. कुर्ता काढून त्याची घडी घातली आणि पुन्हा रहाटाला बसली.

आता ती पहाटेच उठायची. दुप्पट कांड्या, दोन मोर. खोकला लागला, तो ओढणीत दाबायची. अंग तापलं, बोलली नाही. बाप मोरात मान घालून बसलेला. शेजारची कुसाबाई ताक द्यायला आली, तिनं पोरीच्या कपाळाला हात लावला आणि किंचाळलीच.

"अवं इब्राहिमभाई, डोळे फुटले का तुमचे? पोरीच्या अंगाची लाही झाली ना!"

हकीम आला. छाती भरली म्हणाला, उबेत झोपवा, हलू देऊ नका. पण जुलेखा गोधडीतून उठायची, रहाटाकडं सरकायची. दिवस बुडाला तर मोर बुडेल, हेच तिच्या तोंडात. इब्राहिमनं हात जोडले, दरडावलं, रडला. ती ऐकेना. मग पुन्हा त्यानं तेच हत्यार काढलं. दुसरं होतं काय त्याच्याकडं?

"अगं, खबर आली! भाव उतरला. पहिल्यासारखी डबीच भरून पुरे. आता काम नको, निवांत पड."

जुलेखा थांबली. "खरं?"

"अल्लाची शपथ."

तिनं गोधडीखालून डबी काढली. चिकार हसली, आई गेल्यापासून अशी हसली नव्हती. मडक्यातले मोर तिनं बापाच्या मांडीवर ओतले. "हे उरलेले तुला. पण डबी भरत नाय यांनी. अजून विण आणि मागनं ये."

मग डबी छातीशी धरून ती निवांत पडली, बापानं सांगितलं तशी. दुपारच्या नमाजाची अजान झाली तेव्हा ती गेली होती.

कबरीत वस्तू ठेवायची रीत नाही. इब्राहिमनं माती देताना डबी आत सोडली. मौलवींनी पाहिलं आणि मान फिरवली.

त्यानंतर इब्राहिम बरीच वर्षं जगला. पैठण्या विणल्या, कांड्या स्वतः भरल्या, थाप एकही मारली नाही. शेठ म्हणायचे, पदर ह्याच्यासारखा कुणाचा नाही. फक्त वीतभर ताणा उरला की तो त्यावर नखाएवढा मोर विणायला घ्यायचा. पदरावर मोर बिनचूक उतरवणारा हात तिथं चुकायचा. मोर झाला की उलटा करून बघायचा. मागं धागे लोंबत असायचे. तो मोर चुलीत टाकायचा आणि नवी पैठणी लावायला घ्यायचा.

जुलेखानं दिलेले मोर मडक्यात होते. त्यात त्याला एकाचीही भर घालता आली नाही.