दोन मस्टरांची शाळा

आमच्या शाळेत दीडेक वर्ष दोन मुख्याध्यापक होते, आणि दोघंही हंगामी. ऐकणाऱ्याला गंमत वाटते. औंढ्याहून शाळेला जाताना जीपमध्ये कुणी विचारलं तर मीही आधी हसत हसतच सांगायचे. आता कुणी विचारलं तर खिडकीबाहेर बघते.

झालं असं, की संस्थेचे जुने अध्यक्ष वारले. तेरावा व्हायच्या आत त्यांच्या मुलानं एक सभा घेतली आणि सचिवांनी दुसरी. दोन्ही सभांनी आपापली हंगामी कार्यकारिणी निवडली, दोघांनीही ठरावाचे कागद वरच्या कचेरीत पाठवले, आणि खरी कोणती याचा निकाल लागायचा राहिला तो राहिलाच. तोवर शाळा कुणी चालवायची? दोघांनीही. अध्यक्षांच्या मुलानं आमच्या गणिताच्या सरांना प्रभारी मुख्याध्यापक केलं, ते ऑफिसात बसले. सचिवांनी इंग्रजीच्या सरांना केलं, त्यांनी प्रयोगशाळेतलं एक टेबल धुऊनपुसून घेतलं आणि तिथं बसले. मधे एक भिंत. ही दोन्ही माणसं वाईट नव्हेत, हे आधीच सांगून ठेवते, कारण नंतर मी त्यांना नको नको ते बोलले आहे.

मग हजेरीचे मस्टरही दोन झाले. सकाळी आल्यावर एक सही ऑफिसात, दुसरी प्रयोगशाळेत. एकीकडची चुकली की दुपारपर्यंत नोटीस हातात. आम्ही सगळे मुकाट दोन्हीकडं सह्या करायचो. नोकरी करायची तर एवढं चालायचंच, असं एकमेकांना सांगायचो. शिपाई तर बिचारा पार येडा व्हायची वेळ आली होती. ऑफिसातून कुणी घंटा दे म्हटलं, की तो आधी प्रयोगशाळेच्या दारात जाऊन उभा राहायचा. आतून मान हलली, की मगच घंटा. आमची मधली सुट्टी कधी वेळेवर झाली नाही.

मी इतिहास शिकवते आणि पुस्तकात नसलेलंही सांगायची मला खोड आहे. एक दिवस सकाळीच सहीवरून बोलणी खाल्ली होती, डोकं तापलेलं होतं. तशीच दहावीच्या वर्गात गेले आणि पोरांना रशियाची गोष्ट सांगायला लागले. झार गादीवरून उतरला, तेव्हा एकाच राजवाड्यात एका अंगाला हंगामी सरकार जमवणारी माणसं बसली आणि दुसऱ्या अंगाला कामगार-सैनिकांची सोव्हिएत. सरकारकडं खुर्ची होती, पण हुकूम चालत नव्हता. सोव्हिएतचा हुकूम चालायचा, पण खुर्चीची जबाबदारी तिला नको होती. सैनिकांना तर सांगून ठेवलेलं, की तिकडचा हुकूम सोव्हिएतच्या विरोधात नसेल तरच पाळा. हे ऐकलं आणि पोरं खाली माना घालून हसायला लागली. मागच्या बाकावरच्यानं हळूच प्रयोगशाळेकडं बोट दाखवलं. मलाही हसू आलं, खोटं कशाला बोलू.

एक पोरगी तेवढी हसली नाही. वाडीवरून चालत यायची, वर्गात सगळ्यात जास्त वाद घालायची, आणि मला ती फार आवडायची. ती उठून म्हणाली, "मॅडम, पण सुरुवातीला बाया पावासाठी रांगेत हुभ्या होत्या म्हणले ना तुमी. मंग त्याइला पाव कोण दिला?"

मी म्हणाले, त्या वर्षी रांगा आणखीनच वाढत गेल्या. ती "बरं" म्हणून खाली बसली.

तिला नर्स व्हायचं होतं. बाप जवळा बाजारला धान्याच्या मोंढ्यावर हमाली करायचा. दिवाळीत मामानं एक स्थळ आणलं होतं. बापानं ते परतवलं नव्हतं, नुसतं थांबवलं होतं. एकदा शाळेत आला तेव्हा मला तोंडावर म्हणाला, "दहावी पास झाली तर औंढ्याला कॉलेजात घालतो, हा माझा शब्द. न्हाई झाली तर मामा ऐकायचा न्हाई, आन् मलाबी घरच्याइसंग रोज भांडणं जमायचं न्हाई." साधा हिशोब होता. त्या पोरीचं सगळं त्या एका परीक्षेवर येऊन ठेपलं होतं आणि ते तिलाही ठाऊक होतं.

मग परीक्षेच्या अर्जांची वेळ आली. दोन मुख्याध्यापक, दोन शिक्के. कुणाची यादी धरायची? वरच्या कचेरीनं आपली वेळ मारून नेली. निकाल लागेपर्यंत दोन्ही याद्या घेऊ, ज्या पोराचं नाव ज्या यादीत, ते त्या यादीतून बसेल, असं कळवलं. झालं. दुसऱ्या दिवसापासून दोन्हीकडचे लोक पालकांच्या दारी. ज्याच्याकडं जास्त पोरं त्याची कार्यकारिणी खरी, असं दोघांच्याही वकिलांनी सांगितलं होतं म्हणे. निवडणुकीत मतं फिरवावीत तशी यांनी लेकरं फिरवली. ज्यांची बाजू आधीच ठरलेली, त्यांना काही तकलीफ झाली नाही. ते एकीकडं सही करून मोकळे झाले.

या पोरीच्या बापानं दोन्हीकडं सह्या केल्या.

मला कळलं तेव्हा मी त्याच्यावर ओरडलेच. तो म्हणाला, "मॅडम, पोतं अध्यक्षाच्या पोराच्या आडतीवर उचलतो, पाणी सचिवाच्या बोअरचं पेतो. मी कोणाला न्हाई म्हणू, सांगा. दोन्हीकडं नाव असलं तर बरंच की, एक गेलं तर दुसरं ऱ्हाईल." आणि मग अगदी सहज म्हणाला, "तुमीबी तर दोन्ही मस्टरवर सह्या करून राहिले." त्यात टोमणा नव्हता. शिकलेली माणसं करतात ते बराबरच असणार, असं त्याला मनापासून वाटत होतं.

हॉलतिकिटं आली. सगळ्यांची आली, तिचं नाही. मी वरच्या कचेरीत गेले. तिथला बाबू म्हणाला, हे नाव दुबार आहे, म्हणून दोन्ही याद्यांत अडकवून ठेवलंय. एका मुख्याध्यापकाचं पत्र आणा, की माझ्या यादीतून कमी करा. दुसऱ्या यादीतून लगेच तिकीट निघेल. एवढंच.

एवढंच! मी परतताना जीपमध्ये हलकी झाले होते. दोन ओळींचं पत्र, कुणीही देईल.

गणिताचे सर म्हणाले, "मॅडम, माझं काही न्हाई हो. पण मी नाव कमी करा म्हटलं, म्हणजे त्यांची यादी खरी असं मीच लिहून दिल्यासारखं होतं. उद्या कोर्टात हेच कागद फडकवतील." इंग्रजीच्या सरांकडं गेले. त्यांनीही तेच सांगितलं, शब्द तेवढे वेगळे. मग आडतीवर गेले. अध्यक्षांच्या मुलानं खुर्ची पुसून दिली, चहा मागवला, "पोरीचं नुकसान होऊन राहिलं, मला दिसतंय, पण हा तत्त्वाचा प्रश्न आहे," म्हणाला. सचिव शेतात भेटले. "आधी त्याला काढायला लावा, मी पाच मिनिटांत काढतो." माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. मी म्हणाले, तुम्हाला लेकरंबाळं आहेत की नाहीत? तर म्हणे, "लेकरांसाठीच तर चाललंय हे सगळं."

स्टाफरूममध्ये मी फार तोंड टाकलं. बायका म्हणाल्या, तू काहून एवढी जळून राहिली? त्या दिवसांत मी घरीही धड जेवत नव्हते.

पण गावात बोभाटा झाला. पारावर लोक दोघांनाही नावं ठेवायला लागले. मग कुणीतरी सचिवांच्या कानात सांगितलं, की अध्यक्षाचा पोरगा मोठेपणा घेणार आहे, पत्र देणार आहे, वाडी सगळी त्याच्या बाजूनं जाईल. तसंच कुणीतरी तिकडंही सांगितलं. परीक्षा तोंडावर आली होती. एका दुपारी दोन्ही पत्रं निघाली, दोन वेगवेगळ्या मोटरसायकलींवरून. दोघांनीही पोरीच्या बापाला बोलावून, चार लोकांदेखत सांगितलं, की तुझ्या लेकीसाठी मी माघार घेतली. बाप दोघांच्याही पाया पडला.

वरच्या कचेरीनं दोन्ही पत्रं बराबर नोंदवली आणि दोन्ही याद्यांतून तिचं नाव कमी केलं.

मी पुन्हा गेले. बाबूनं मला दोन्ही पत्रं समोर ठेवून दाखवली. दोन्ही नियमात होती. तो म्हणाला, आता ती कुठंच नाही हो, मी तिकीट काढू कशावर? साहेब दौऱ्यावर होते. मी तिथंच व्हरांड्यात बसून रडले. चारचौघांत रडणारी बाई मी नव्हे, पण रडले.

पहिल्या पेपरला ती गणवेशात आली. वेणी घट्ट, हातात पॅड, त्याला लावलेले दोन पेन. कुणी सांगितलं नव्हतं तिला? सांगितलं होतं. मीच सांगितलं होतं. तरी आली आणि फाटकापाशी उभी राहिली. मला वर्गावर पर्यवेक्षण होतं. खिडकीतून ती दिसत होती, शेजारी बाप टॉवेलनं तोंड पुसत उभा. पेपर सुटेपर्यंत दोघं हलले नाहीत. मग पोरं बाहेर आली, तिनं एकीच्या हातातली प्रश्नपत्रिका घेतली, उभ्या उभ्या सगळी वाचली आणि परत दिली.

पुढच्या परीक्षेला बसवू, असं मी बापाला म्हणत राहिले. तो नुसती मान हलवायचा. मामा येऊन गेला होता. पोरीला अठरा पूर्ण व्हायला अजून अवकाश होता, म्हणून मी कळवायचं तिथं कळवलं. माणसं आली, आत्ता लग्न लावणार नाही असं बापाकडून लिहून घेतलं, चहा पिऊन गेली. लग्न मग नवऱ्या मुलाच्या गावी झालं, घाईघाईत, आम्हाला कुणालाच न बोलावता.

त्याच उन्हाळ्यात दोन्ही कार्यकारिण्यांचं मिटलं. निकाल वगैरे काही लागला नाही. कुणाच्या तरी मळ्यात मटणाचं जेवण झालं, त्यात वाटणी ठरली. अध्यक्ष मुलगा, सचिव सचिवच. जूनपासून मस्टर एक. इंग्रजीचे सर परत वर्गावर आले. त्यांनी मला विचारलं, मॅडम, अजून राग आहे का? मी म्हणाले, आहे. अजूनही आहे.

दिवाळीच्या आधी जवळा बाजारच्या बाजारात ती भेटली. साडीत होती, हातात भाजीची पिशवी, सासू दोन दुकानं पुढं. थोडी सुकली होती. मी तिचा हात धरला. तीच आधी बोलली.

"मॅडम, आता एकच मुख्याध्यापक हायत का शाळेत?"

"हो. एकच."

"बरं झालं," ती म्हणाली. "धाकटी यंदा दहावीला हाय माझी." मग सासूनं हाक मारली आणि ती गेली.