खळ्याच्या कडेला बूट

चीनशी लढाई झाल्यावर लढाईचे सिनेमे निघू लागले. त्यातल्याच एका कंपनीने ब्रह्मदेशचं जंगल म्हणून कुंभारवाडा गावाजवळचं आमचं रान निवडलं. माझे थोरले काका खऱ्या ब्रह्मदेशात लढून आलेले. हवालदार म्हणून निवृत्त झाल्यावर ते लाकडाच्या ठेकेदाराकडे ओंडके चढवत होते. कंपनीने त्यांना लष्करी सल्लागार नेमलं. पट्टा कसा आवळायचा, बंदूक कशी धरायची, एवढं सांगायचं. काम पसंत पडलं तर पुढच्या पिक्चरला मुंबईला नेऊ, असं दिग्दर्शकाने कबूल केलं होतं. काकांची कंबर गेली होती. ओंडक्यांपासून सुटायची तेवढीच एक वाट होती.

मी तेव्हा विशीत होतो, बेळगावहून येणाऱ्या कम्युनिस्ट पत्रकांवर वाढलेला. युद्धाचा तमाशा मांडणाऱ्यांना तुम्ही मदत करता, म्हणून काकांशी रोज भांडायचो. ते ऐकून घ्यायचे आणि पाय चेपत बसायचे.

शिपाई म्हणून गावचेच कुणबी घेतले होते. काकांनी त्यांना रांगेत चालायला शिकवलं. बुटांनी पायाला फोड आलेला एक जण म्हणाला, "हवालदार, जपानी परवडला, ह्ये बूट न्हाईत."

हल्ला एका खळ्यावरून जायचा होता. मालकाने जागा दिली होती, बुटांचं त्याला कुणी विचारलं नव्हतं. खळं मळणीसाठी सारवून तयार होतं. धान्य पडायच्या त्या जागेवर आमच्याकडे कुणी पायताण घालून जात नसे. शिपाई आरडत आले, कडेला थांबले आणि वाकून बुटांच्या नाड्या सोडू लागले. पहिल्यांदा दिग्दर्शक हसला. दुसऱ्यांदाही तेच झालं. तिसऱ्यांदा तो हसला नाही. त्याने काकांना सांगितलं, हुकूम द्या.

काकांनी हुकूम दिला. घरात तो आवाज आम्ही कधी ऐकला नव्हता. कुणी हललं नाही. मग तो फोडवालाच हळू म्हणाला, "तुम्ही म्होरं व्हा. आमी येताव मागनं."

त्यात टोमणा नव्हता. तो खरंच वाट बघत होता.

काका कडेपर्यंत गेले. थोडा वेळ उभे राहिले. मग बांधावर बसून नाड्या सोडू लागले. कंबरेमुळे त्यांना फार वेळ लागला. दिग्दर्शक काही विचारत होता, त्यांनी मान वर केली नाही. दुसऱ्या दिवसापासून त्यांना बोलावणं आलं नाही. हल्ला शेजारच्या कापलेल्या शेतातून झाला म्हणे.

मी एका रात्रीत पत्रक लिहून काढलं. एका जुन्या सैनिकाने भांडवलदाराचा हुकूम कसा झुगारला, असं. सकाळी काकांना वाचून दाखवलं.

"ह्यो कोन?" त्यांनी विचारलं.

"तुम्ही."

"न्हाई बाबा. म्होरं व्हा म्हटलं की मी आयुष्यभर गेलो. त्या दिवशी पाय उठला न्हाई, एवढंच. दमलोतो."

"मग लिहू नको?"

"लिही की. मला तेवढं त्यात घालू नको. ठेकेदारानं वाचलं तर ह्ये बी काम जाईल."

ते दोनदा प्रयत्न करून उठले आणि लाकडाच्या डेपोकडे निघाले.

पत्रक मी छापलं, काकांना वगळून. उरलेल्यात सांगण्यासारखं काही मलाच दिसेना. तरी सगळ्या प्रती वाटल्या.