बावीस ठिपके, एकवीस रेघा

पाणी आलं म्हणजे पाइप जोडलेला आहे, असं मी एकदा लेखी देऊन बसले होते. हिरव्या शाईत. खाली नाव, पद, तारीख, आणि त्याखाली माझी ती प्रसिद्ध दुहेरी रेघ. वय सत्तेचाळीस. म्हणजे पोरवयाची सबबसुद्धा नाही.

दोन हजार पाच-सहाचा सुमार असेल. भिवंडीच्या आसपास भातखाचरांत धडाधड गोडाऊनं उभी राहत होती. मी ठाण्याच्या एका छोट्या कन्सल्टन्सीत फायर सेफ्टीचं काम बघायचे. गोडाऊन बांधून झालं की आग विझवायची यंत्रणा तपासायची, ठीक असेल तर सर्टिफिकेट द्यायचं. साइटवर बहुतेक वेळा मी एकटीच बाई. म्हणून मी फार भरभर चालायचे. भरभर चालणाऱ्याला सगळं कळतं असं लोकांना वाटतं, हा माझा शोध. हेल्मेट एवढं ढिलं होतं की मी वळले तरी ते समोरच बघत राहायचं. तरी ऐट केवढी!

कोनच्या पुढे आत एका गावात काशिनाथशेठची सहा गोडाऊनं होती. शेठ मूळचे शेतकरी. त्यांच्या वडिलांचं भात जिथे उभं राहायचं, तिथे आता पत्र्याची शेड उभी होती. आग लागलीच तर पाणी मिळावं म्हणून सहाही गोडाऊनांभोवती जमिनीखालून एक मोठा पाइप फिरवला होता. त्यावर ठिकठिकाणी लाल रंगाचे जाड नळ, म्हणजे हायड्रंट. एकवीस. गेटापाशी पंपहाऊस. तिथून एक पाइप डावीकडून निघतो, एक उजवीकडून, आणि मागच्या बाजूला दोघं एकमेकांना भेटतात. ह्याला आम्ही रिंग मेन म्हणतो. बांगडीच समजा. बांगडी कशासाठी? तर ट्रकवाला मागे घेताना हायड्रंटला ठोकतोच. ठोकला की त्याच्या दोन्ही अंगांचे व्हॉल्व बंद करायचे, तेवढा तुकडा कोरडा. बाकीच्यांना पाणी उलट्या बाजूने मिळतं.

मी टेस्ट कशी घेतली, ते आता ऐका. पंप चालू केला. सगळे व्हॉल्व उघडे. एक नंबर उघडला, धो धो पाणी. दोन नंबर, धो धो. असे एकवीस. मागून फोरमन इस्माईलभाई नळ उघडायची चावी घेऊन धावत होते. साठीला आलेला भिवंडीचाच माणूस, हयात पाइप बसवण्यात गेलेली.

नऊ आणि दहा नंबरच्या मधे एक कच्चा रस्ता आडवा जात होता. तिथे ते थांबले.

"मॅडम, इथला रस्ता जरा बघून घेता का?"

"नऊला पाणी आलं?" मी चालता चालताच.

"आलं."

"दहाला?"

"दहाला पण आलं, लेकिन..."

"मग झालं ना, इस्माईलभाई! चला, ऊन वाढतंय."

आणि मी पुढे गेले. हेल्मेट समोरच बघत होतं.

काशिनाथशेठने कोकम सरबत पाजलं. म्हणाले, "बाय, उद्या सकाळी गाळ्यांची पूजा हाय. परवा कापडाच्या गाठी उतरतील. मागच्या दोन गाळ्यांना पोटमाळा काढलाय, हमाल तिथंच ऱ्हानार." पोटमाळे मी पाहिले होते. वळकट्या येऊन पडल्या होत्या, दोरीवर लुंग्या वाळत होत्या. चढायला एकच लोखंडी जिना. खाली गाठी, वर माणसं. सर्टिफिकेट मी तिथेच लिहून दिलं. शेठने ते ऑफिसातल्या गावदेवीच्या फोटोपुढे ठेवलं आणि वर हळदकुंकू वाहिलं. माझ्या सहीवर कुणी हळदकुंकू वाहिल्याचा तो पहिला आणि शेवटचा प्रसंग.

दुपारी मी कोनच्या नाक्यावर चहा घेत बसले होते. कल्याणला जाणारी रिक्षा भरायची होती. तोवर रिपोर्ट लिहावा म्हणून पिशवीतून कागद काढले. पाइपाचा प्रत्येक तुकडा, म्हणजे एका नळापासून पुढच्या नळापर्यंतचा भाग, बुजवण्याआधी पाण्याने भरून दाब देऊन तपासतात. त्याला हायड्रोटेस्ट म्हणतात. प्रत्येक तुकड्याचा एक कागद. सकाळी मी तो गठ्ठा हातात घेऊन त्याची जाडी बघितली होती. जाडी समाधानकारक होती.

आता मोजले. एकवीस. नळ एकवीस, कागद एकवीस. वा.

चहा संपला. रिक्षात तीन माणसं झाली होती, चौथं आलं की निघणार. पण मला काहीतरी टोचत होतं. चप्पल काढून बघितली, खडा नव्हता.

मी एका कागदाच्या पाठीवर ठिपके काढले. एकवीस नळांचे एकवीस, पंपहाऊसचा एक. बावीस. मग ते रेघांनी जोडत गेले. पंपहाऊसपासून एक, एकपासून दोन, असं करत करत पुन्हा पंपहाऊस. रेघा मोजल्या. बावीस.

रेघा बावीस आणि कागद एकवीस.

माझी नात आता इंजिनिअरिंगला आहे. तिला ह्याच ठिपक्या-रेघांचा एक अख्खा विषय आहे. परवा मला शिकवत होती: "आजी, बावीस ठिपके एकमेकांना जोडायला एकवीस रेघा पुरतात. मग त्यात सायकल नसते, कुठून निघून फिरून परत तिथे येता येत नाही. त्यातली कुठलीही एक रेघ पुसली की आकृतीचे दोन तुकडे. बाविसावी रेघ टाकली की सायकल तयार होते. मग सायकलमधली कुठलीही एक रेघ पुस, सगळे ठिपके जोडलेलेच राहतात." मी मान डोलावली. हे मला कोनच्या नाक्यावर, टपरीच्या बाकड्यावर, घाम पुसताना कळलं होतं. फी लागली नाही. बाकी सगळं लागलं.

पण त्या दिवशी मी आधी स्वतःला फसवून पाहिलं. कागद पडला असेल कुठे. पिशवी उपडी केली. छत्री, डबा, कंगवा, बडीशेप. कागद नाही. साहेबांना फोन लावला. आमचे साहेब ठाण्यात पंख्याखाली बसून साइट बघणारे.

"सर, एक टेस्ट रिपोर्ट कमी आहे."

"मग मागवून घेऊ सोमवारी. पाणी आलं ना सगळीकडे?"

"आलं."

"मग झालं ना!"

माझंच वाक्य. माझ्याच सुरात. ते दुसऱ्याच्या तोंडून ऐकलं आणि मला कळलं की ते किती बिनडोक आहे. बांगडी मधे तुटलेली असली, तरी डावा हात डावीकडे पाणी देणार, उजवा हात उजवीकडे देणार. प्रत्येक नळाला पाणी येणारच! सगळे व्हॉल्व उघडे ठेवून बांगडी आणि तुटकी बांगडी ह्यांतला फरक दिसतच नाही. तो दिसायला एक व्हॉल्व बंद करावा लागतो. पंचवीस वर्षं नोकरी केलेल्या बाईने तो बंद केला नव्हता, कारण ऊन वाढत होतं.

रिक्षावाला म्हणाला, "ताई, चला, सीट भरली."

मी म्हटलं, "तुम्ही जा."

आणि दुसरी रिक्षा करून उलटी गावाकडे. वाटेत उगाचच त्याला दोनदा सांगितलं, जरा हाणा. तो म्हणाला, हाणतोच आहे. बाहेर बघवेना, आत बसवेना. डोळ्यांपुढे तो एकच लोखंडी जिना.

गेटावर इस्माईलभाई हत्यारं आवरत होते. मला बघून त्यांनी चावी तेवढी परत हातात घेतली.

"डावा व्हॉल्व बंद करा," मी म्हटलं. "पंपाजवळचा. आणि पंप चालू."

आता पाणी फक्त उजवीकडून निघणार होतं. बांगडी पुरी असेल तर ते फिरून मागून डाव्या नळांना मिळायला हवं. एक नंबर उघडला. फुस्स झालं, बादलीभर पाणी पडलं, संपलं. दोन नंबर, पेलाभर. तीन, चार, पाच, नुसती हवा. मी ह्या वेळी हळू चालत होते. सहा, सात, आठ. नऊ नंबर उघडला. थेंब नाही. मग तो कच्चा रस्ता ओलांडला आणि दहा उघडला. पाणी असं आलं की मी हेल्मेटापासून चपलेपर्यंत भिजले.

मी रस्त्याकडे बघितलं. इस्माईलभाईंनीही बघितलं.

"खाली पाइप नाही," मी म्हटलं.

"न्हाय. दोन्ही बाजूला तोंडाला लोखंडी झाकण बोल्टाने आवळलंय. ही गावदेवीच्या पालखीची वाट हाय. जत्रेला नऊ दिवस राहिले. वाट एकदा शिंपली की पालखी जाईपर्यंत कुदळ लावत नाहीत इथं. गावाने सांगितलं, आम्ही थांबलो. कॉन्ट्रॅक्टर बोलला, बुजवून रंग मारून द्या, नंतर बघू."

ऑफिसात शेठ पूजेचं सामान मोजत होते. मी ओल्या साडीत उभी.

"शेठ, ते सर्टिफिकेट परत द्या."

"का वो? नाव चुकलं?"

"नाही. मी चुकले."

सगळं सांगितलं. शेठचा आवाज चढला. "बाय, दोन्हीकडनं पानी येतंय ना? तुमीच बघितलंत. मंग मधला तुकडा कनाला पायजे? परवा गाठी येतायत माज्या!"

"शेठ, कोनच्या नाक्यावर ट्रक आडवा झाला तर तुम्ही घरी कसे येता?"

"मागच्या वाटनं."

"आणि मागची वाटच नसली तर?"

मी पुढे म्हटलं, "उद्या ट्रकने चार नंबर तोडला, की पाचपासून नऊपर्यंत सगळं कोरडं. नऊ नंबरसमोरच तुमचे पोटमाळे आहेत. खाली कापूस-कापड, वर झोपलेली माणसं, जिना एक."

"जत्रंआधी वाट खोदायची न्हाय. मी सांगितलं तरी गाव ऐकनार न्हाय, आन् मी सांगनार पन न्हाय."

"मी खोदा म्हणतच नाही. गाठी थांबवा. हमालांना तिथून हलवा."

"आन् न्हाय थांबवल्या तर?"

"तर मी हा कागद घेऊन जाते, आणि साहेब मला काढून टाकतात. तरी सही तेवढी तिथे राहणार नाही."

शेठने तिथूनच साहेबांना फोन लावला, सगळं सांगितलं आणि फोन माझ्या हातात दिला. साहेब म्हणाले, "मॅडम, तुम्ही स्वतः दिलेलं सर्टिफिकेट स्वतः परत घेताय? ऑफिसची काय शोभा होईल?" मी म्हटलं, "सर, माझी झालीच आहे. ऑफिसची तुम्ही ठरवा." एवढं शहाणं वाक्य मी आयुष्यात एकदाच वेळेवर बोलले. एरवी अशी वाक्यं मला घरी पोचल्यावर सुचतात.

पण कागद देवीपुढे होता, हळदकुंकवासकट. मला हात लावायचा धीर होईना. शेठलाही होईना. दोघं त्याच्याकडे बघत उभे. इस्माईलभाई दारात, ते तर हलेचनात. शेवटी शेठनेच हात जोडले, पुटपुटले, आणि कागद उचलून माझ्या हातात ठेवला. "हमाल तुकडा बसेपर्यंत माज्या पडवीत झोपतील," ते म्हणाले. "गाठीवाल्याला मी बघतो. पन बाय, पालखी गेली की दुसऱ्या दिवशी सकाळी तुमी हितं पायजेत. सात वाजता."

मी पावणेसातला होते. वाटेवर अजून गुलाल होता. शेठने नारळ फोडला आणि पहिली कुदळ स्वतः मारली. तीन दिवसांत तुकडा बसला. दाब देऊन तपासला. बाविसावा कागद मी हातात घेऊन जाडी न बघता वाचला. मग डावा व्हॉल्व बंद केला, नऊ नंबर उघडला. धो धो.

साहेबांनी मला काढलं नाही. दोन महिने माझ्याशी फक्त चिठ्ठ्यांनी बोलले, आणि ऑफिसच्या तपासणीच्या फॉर्मवर पहिली ओळ छापून घेतली: आधी एक व्हॉल्व बंद करा. ती ओळ माझ्यामुळे आहे, हे मी नव्या पोरांना रुबाबात सांगायचे. कशामुळे, ते सांगायचे नाही.

त्याच वर्षी दिवाळीच्या आधी शेठचा फोन आला. "बाय, कंटेनरनं चार नंबर उडवला. दोन्ही व्हॉल्व बंद केले. नऊला पानी हाय." फोन ठेवला. आग लागली नाही. आमच्या धंद्यात चांगला शेवट असाच, सांगायला काही उरत नाही. धडा म्हणाल तर एवढाच: सगळं सुरळीत चालू असताना तपासलेली गोष्ट तपासलेली नसते.

राहता राहिलं एक. बाविसावा तुकडा तपासून झाला, तेव्हा मी इस्माईलभाईंना विचारलं होतं की पहिल्याच दिवशी मला सरळ का नाही सांगितलंत. चावी पुसत ते म्हणाले:

"मॅडम, सांगायला तुम्ही उभ्या कुठं होता? आणि पाणी येतंय का, हे तर कोण बी विचारतो. तुम्ही विचारायचं होतं, किधरसे येतंय."