विहिरीसाठी राखलेलं कडवं

"घरात अर्दाच गाना. पुरा विहिरीव!" असं म्हणून माय तोंडाला पदर लावायची. मग काही केल्या पुढची ओळ निघायची नाही.

ठाकूरद्वारच्या आमच्या वाडीत माय माझ्या समोरच्या घरात राहायची. ईस्ट इंडियन, म्हणजे मुंबईतले मूळचे ख्रिस्ती. भिंतीवर येशू, तव्यावर बोंबील आणि तोंडात मराठीच, पण त्यांची स्वतःची. घरातली पोरं शिकली, इंग्रजी बोलायला लागली. तुम्हीही असं घर पाहिलं असेल, जिथं आजी एका भाषेत विचारते आणि नातवंडं दुसरीत उत्तर देतात.

मायनं त्यावर इलाज काढला होता. नातीनं इंग्रजीत जेवण मागितलं की ही ढिम्म. "मना आयकू येत नाय." कान चांगले तिखट होते हो म्हातारीचे! पोर शेवटी रडकुंडीला येऊन "माय, भूक लागली" म्हणाली की ताट पुढ्यात. अशी शिकवली तिनं बोली.

तिचा जीव मात्र एका गाण्यात अडकला होता. लग्नाआधी बायका वाजतगाजत विहिरीवर जाऊन नवरीच्या आंघोळीचं पाणी आणतात. उंबराचं पाणी म्हणतात त्याला. तेव्हाचं हे गाणं. पुढंपुढं लग्नं हॉलमध्ये गेली, विहिरीवर जाळी बसली, बरोबरीच्या गाणाऱ्या एकेक करून गेल्या. सगळं गाणं येणारी माय एकटी उरली.

दुपारी मासे साफ करता करता ती नातीकडून ते घोकून घ्यायची. पण शेवटचं कडवं नाही. ते विहिरीला सांगायचं असतं, घरात म्हणायचं नसतं.

एकदा मी म्हटलं, "माय, फोनमध्ये भरून ठेवूया की."

"नवरी नाय, घडा नाय, आन् गाना कोनाला? फोनाला?"

"अगं, पण राहून गेलं तर?"

तिनं शेजारी बसलेल्या नातीकडे पाहिलं. मग म्हणाली, "हिच्या लग्नात गाईन गो. तवर मरत नाय मी."

नातीचा होणारा नवरा बोटीवर कामाला. त्याची सुट्टी पुढं गेली, लग्न पुढं गेलं, आणि वाट बघता बघता माय गेली. मला तिचा भयंकर राग आला. अजूनही येतो. एवढा कसला मेला हट्ट!

शेवटी लग्नाची तारीख ठरली. नातीनं वाडीत भांडून विहिरीची जाळी उघडून घेतली. लुगडं नेसून, घडा घेऊन, नवरीनंच सूर धरला, कारण दुसऱ्या कुणाला येतच नव्हतं. सगळ्या बायका तिच्यामागून म्हणत होत्या. छान चाललं होतं. आणि मग ती थांबली. बँडवालेही थांबले.

"पुढचं मला शिकवलंच नाही तिनं," ती म्हणाली आणि तिथंच रडायला लागली.

लहानपणी वाडीतल्या प्रत्येक लग्नात मी बँडच्या मागून त्या विहिरीवर गेले होते. मला काही येत असेल असं मला स्वतःलाच वाटलं नव्हतं. पण पोरीचं रडणं बघवेना. मी कठड्याशी गेले, डोळे मिटले आणि तोंड उघडलं. विहिरीबाई, ही पोर आता दुसरीकडचं पाणी पिणार, तिला विसरू नकोस, असं सांगणारं ते शेवटचं कडवं, लहानपणी कानावर पडलेलं, आपोआप बाहेर आलं. नात माझ्यामागून एकेक ओळ म्हणत गेली.

माझा आवाज फाटका आणि बोलीही माझी नव्हे. एखादी ओळ चुकलीही असेल. पण चुकली म्हणून सांगणारं आता कुणीच नव्हतं.