खोटं वाटलं तर हात वर

"खोटं वाटलं तर हात वर कर. लाजायचं नाही."

असं म्हणताना बाई आधी स्वतःचाच हात वर करून दाखवायच्या. दुसऱ्या हाताने चष्मा कपाळावर सरकवलेला. समोर गच्चीत, सतरंजीवर आठवी ते दहावीतली कार्टी बसलेली. दर रविवारी संध्याकाळी बाई त्यांना आपल्या नव्या पुस्तकातलं प्रकरण वाचून दाखवायच्या, आणि जिथे हात वर जाईल तिथे पेन्सिलीने काट मारायच्या. वाद नाही, समजूत घालणं नाही. पोराला खोटं वाटलं म्हणजे खोटं, विषय संपला.

मुलुंड पूर्वेला आमच्या बिल्डिंगमध्ये मी तळमजल्यावर आणि बाई दुसऱ्या मजल्यावर. त्यात मी भांडुपला ज्या छापखान्यात मुद्रितं तपासायचो तिथेच त्यांची पुस्तकं छापली जायची, आमचे मालकच त्यांचे प्रकाशक. म्हणजे रविवारी पोरं माझ्या दारात चपलांचा ढीग घालून वर जाणार, आणि पुढच्या आठवड्यात तीच कटकट कागदावर उतरून माझ्या टेबलावर येणार. मी चिडायचो. बाईंना त्याचं काही नव्हतं. "अहो, चपला आहेत म्हणजे पोरं आहेत," एवढंच म्हणायच्या.

शाळेत मराठी शिकवण्यात अर्धं आयुष्य घालवून त्या बाहेर पडल्या होत्या, आणि पुस्तकं लिहीत होत्या ती शाळेतले दिवस कसे काढायचे याचीच. बाकावरची मैत्रीण अचानक बोलेनाशी झाली तर काय करायचं. सगळ्या वर्गासमोर मास्तरांनी अपमान केला तर घरी सांगायचं की नाही. त्या काळी आपल्याकडे पोरांच्या पुस्तकात एक तर राक्षस असायचा, नाहीतर आदर्श बालक. तुम्हीही तीच वाचून मोठे झाला असाल. बाई म्हणायच्या, "राक्षसाचं राजपुत्र बघून घेईल हो. गणिताच्या तासाचं कोण बघणार?"

एकदा त्यांच्या गोष्टीतल्या आईने भांडण मिटल्यावर शिरा केला. लगेच एका पोराचा हात वर. "बाई, आमच्याकडे भांडण झालं की पिठलंच असतं. शिरा कुठला!" बाईंनी तिथल्या तिथे शिरा काढून पिठलं घातलं. एकदा मीही मागे उभा राहून ऐकत होतो, मला एक वाक्य खटकलं, मी हात वर केला. माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "तुमचा हात धरत नाही. तुम्ही शाळेतून सुटलात."

अशा त्या. आता जे सांगतोय ते मात्र हसण्यासारखं नाही.

आमच्या मागच्या चाळीत संगीता नावाची मुलगी राहायची. दहावीत होती. वडील गिरणीत होते, संपानंतर घरी बसले ते मिळेल ते काम करत होते. मालवणकडची माणसं, तोंडाने फटकळ, आतून पोरीवर जीव टाकणारी. संगीता गच्चीवर यायची, कठड्याला टेकून बसायची आणि एक अक्षर बोलायची नाही.

जानेवारीतली गोष्ट. बाईंच्या नव्या पुस्तकाचं अकरावं प्रकरण चाललं होतं. त्यातली मुलगी प्रिलिममध्ये नापास होते, घाबरत घाबरत आईला सांगते आणि आई तिला जवळ घेते. संगीताचा हात वर गेला. पहिल्यांदाच.

"बोल गं."

"खोटं आहे. ती सांगणारच नाही."

"मग काय करेल?"

"युनिफॉर्म घालून रोज निघेल. पण शाळेत जाणारच नाही."

वाचन संपल्यावर बाईंनी तिला जिन्यात थांबवलं आणि खोदून खोदून विचारलं. मी माझ्या दारातून ऐकत होतो. मग कुठे जाईल? गोरेगावच्या बसने आरे कॉलनीत, म्हशींच्या गोठ्यांपाशी उतरेल. कंडक्टरने शाळा विचारू नये म्हणून वेणीच्या रिबिनी सोडून दप्तरात टाकेल. ओढ्याच्या पुलाच्या कठड्यावर बसेल, तिथेच डबा खाईल, शाळा सुटायच्या वेळेला परत. आणि शाळेत का नाही जायचं? तर गणिताचे सर नापास झालेल्यांना तासभर फळ्यापाशी उभं करतात, वर्गाकडे तोंड करून.

ती गेल्यावर बाई माझ्याकडे आल्या. डोळे चमकत होते. "काय झकास डोकं आहे हो पोरीचं! कल्पनाशक्ती बघा!"

कल्पनाशक्ती! जन्मभर पोरांकडे खरं मागत फिरलेली बाई, आणि खरं पुढ्यात येऊन उभं राहिलं तर तिला ते कल्पना वाटलं. मी पोरीचं तोंड बघितलं नव्हतं, बाईंनी बघितलं होतं. पण लिहिणाऱ्या माणसाला चांगला तपशील मिळाला की समोरचं माणूस दिसत नाही. ही खोड मी छापखान्यात फार बघितली आहे.

बाईंनी आठवडाभरात प्रकरण नव्याने लिहिलं आणि पुढच्या रविवारी गच्चीवर वाचलं. बस, गोठे, पूल, रिबिनी, सगळं जसंच्या तसं. एकही हात वर गेला नाही. बाई खुशीत होत्या. तेवढ्यात संगीताच्याच वर्गातली एक मुलगी तिच्याकडे वळून म्हणाली, "अय्या, तू आजारी होतीस ना गं? का तू पण आरे कॉलनीत?"

सगळ्या माना कठड्याकडे वळल्या. संगीता उठली आणि जिना उतरून गेली. चप्पल घालायलाही थांबली नाही.

बाईंच्या हातातली पानं तशीच राहिली. त्या दिवशी पहिल्यांदा त्यांनी वाचन अर्ध्यावर सोडलं. रात्री त्या चाळीत गेल्या, पण संगीताने आतूनच "डोकं दुखतंय" म्हणून सांगितलं. तिच्या आईवडिलांना यातलं काही ठाऊक नव्हतं. बाईही बोलल्या नाहीत. पोरीनेच सांगावं, असं त्यांना वाटलं.

पोरीला ती वेळ मिळालीच नाही. गोष्ट वर्गात पसरली, वर्गशिक्षिकेपर्यंत गेली, आणि शाळेने आईला बोलावणं धाडलं. त्या दिवशी संगीता सकाळी युनिफॉर्म घालून निघाली ती शाळा सुटून गेली तरी घरी आली नाही.

ऊन उतरायला लागलं तेव्हा पोरीला शोधत तिची आई बाईंच्या दारात उभी. आवाज तळमजल्यापर्यंत.

"माझा चेडू खंय आसा? तुमी काय वाचून दाखवलात तां सगळी शाळा सांगताहा! माका सांगा, माझा चेडू खंय गेला?"

मी धावत वर गेलो. बाई भिंतीला धरून उभ्या होत्या. संगीताचे वडील भांडुप स्टेशनकडे शोधायला गेले होते. स्टेशन म्हटल्यावर सगळ्यांच्या डोळ्यांपुढे रूळ आले.

बाई एकदम म्हणाल्या, "मला माहीत आहे कुठे आहे ती. मीच लिहिलंय ना." आईला म्हणाल्या, "तुम्ही घर सोडू नका, ती आली तर दार उघडं दिसू दे." आणि मला, "चला. रिक्षा बघा."

 पवईपर्यंत बाई हातातल्या हातरुमालाचा पीळ करत होत्या. मी उगाच काहीतरी बोलायचं म्हणून म्हटलं, "सापडेल हो." त्या म्हणाल्या, "तुम्ही काही बोलू नका." आरे कॉलनीत शिरलो तेव्हा झाडांखाली काळोख धरायला लागला होता. गोठे लागले, शेणाचा आणि कडब्याचा वास आला. पूल आला. बाईंनी लिहिला होता तसाच, ओढ्यावरचा, बुटक्या कठड्याचा.

कठडा रिकामा होता.

गोठ्यातल्या भय्याला विचारलं. तो म्हणाला, "वो स्कूलवाली बच्ची? रोज इधरीच बैठती. आज आयी, खडी रही, बैठी नहीं. उधर चली गयी," आणि त्याने जंगलाकडे जाणाऱ्या रस्त्याकडे हात केला.

बाई कठड्यावर मटकन बसल्या. मला वाटलं चक्कर आली. तर म्हणाल्या, "बसली नाही, कारण ही जागा आता सगळ्यांना माहीत झाली. मी तिची ही एवढीशी जागापण घेतली हो." आणि रडायला लागल्या. मी बाईंना कधी रडताना बघितलं नव्हतं. मग त्या स्वतःच उठल्या, पदर खोचला आणि त्या रस्त्याने जवळजवळ पळतच निघाल्या. साठीची बाई. मागून मी, घाबरलेला, कारण या भागात बिबट्या फिरतो हे मुलुंडचं शेंबडं पोरही सांगेल.

"संगीता! अगं संगीता!" उत्तर नाही. पुन्हा हाक. एकदा झुडपात काहीतरी सळसळलं आणि मी दगड उचलला. कुत्रं निघालं. पुढे आदिवासी पाड्यावरचा एक दिवा दिसला.

पहिल्याच झोपडीच्या अंगणात ती बसली होती. वेणी सुटलेली, चपला बाजूला काढलेल्या, मांडीवर दप्तर. शेजारी एक म्हातारी भाकरीचं पीठ मळत होती. आम्हाला बघून म्हातारीच बोलली, "तुमची का पोर? इथं वाघ येतो. म्हटलं, बस माझ्याजवळ, कोणतरी येईल."

माझा जीव भांड्यात पडला. बाई मात्र अंगणाच्या कडेलाच थांबल्या. पुढे जायचा धीर होईना त्यांना.

संगीताने वर बघितलं आणि विचारलं, "बाई, आता हे पण लिहिणार?"

चांगल्या चांगल्या संपादकांना गप्प करणाऱ्या बाई. त्यांनी मान खाली घातली.

घरी पोचलो. संगीताच्या आईने दारातच पोरीच्या पाठीत एक धपाटा घातला आणि मग तिला अशी कवटाळली की दोघींचं रडू एकच झालं. वडील भांडुपहून परतलेले, चौकटीत डोकं टेकून उभे. चाळ सगळी बाहेर. त्या सगळ्यांसमोर बाईंनी हात जोडले. आईवडिलांसमोर नाही, संगीतासमोर.

"चूक माझी आहे, बाळा. तू मला विश्वासाने सांगितलंस आणि मी ते चारचौघांत वाचलं. मला माफ कर."

 संगीता वळून आत निघून गेली.

दुसऱ्या दिवशी बाई छापखान्यात हजर. अकराव्या प्रकरणाचे छपाईचे खिळे जुळवून झाले होते, मुद्रितं माझ्या टेबलावर पडली होती. बाई म्हणाल्या, "खिळे सोडा. हे प्रकरण छापायचं नाही." मालक भडकले. "बाई, पुस्तकाचा प्राण आहे तो!" बाई म्हणाल्या, "असेल. पण माझा नाही." मग मालक म्हणाले, निदान बाराव्याला अकरावं करू. तेही नाही. पुस्तक तसंच निघालं, दहानंतर एकदम बारावं. माझ्यासारख्या मुद्रितशोधकाची काय वाट लागली असेल विचार करा! वाचणारी पोरं पत्रं पाठवून विचारायची, आमच्या प्रतीतली पानं गळलीत का? बाई प्रत्येकाला उत्तर द्यायच्या, "नाही. ती माझी नव्हती."

शाळेत जाऊन त्या गणिताच्या सरांशी काय बोलल्या ते कुणाला कळलं नाही, पण फळ्यापाशी उभं करणं बंद झालं. संगीता शाळेत गेली, मार्चमध्ये बोर्डाला बसली आणि पास झाली. तिच्या आईने सगळ्या बिल्डिंगला पेढे वाटले. बाईंनाही दिले. संगीता मात्र बरोबर नव्हती. बाईंनी पेढा हातात धरून विचारलं, "ती नाही आली?" आई म्हणाली, "येतली, येतली." ती गच्चीवर पुन्हा कधीच आली नाही.

वाचन पुढेही चालू राहिलं. फक्त सुरुवातीचं वाक्य वाढलं. "खोटं वाटलं तर हात वर कर. आणि फार खरं वाटलं तरी कर. का ते मी विचारणार नाही. पान उलटीन." आणि हे म्हणताना त्यांची नजर कठड्याकडे जायची. मला ते बघवायचं नाही.

काही वर्षांनी, ऐंशीचं दशक संपता संपता, बाई गेल्या. शेवटच्या पुस्तकाची मुद्रितं माझ्याकडे येऊन पडलेली आणि बाई नाहीत, असं झालं. चुका सुधारून मी ती कुणाला दाखवणार होतो?

शोकसभा जवळच्याच शाळेच्या हॉलमध्ये होती. आमचे मालक बोलायला उभे राहिले. अशा वेळी माणसं बोलतात तसंच बोलत होते. "बाईंनी आयुष्यात एकाही मुलाचं मन दुखावलं नाही..."

मागच्या रांगेतून एक हात वर गेला.

मालकांना वाटलं, कुणाला तरी बोलायचंय. "नंतर, नंतर," म्हणाले. हात खाली येईना. मी वळून बघितलं. साडी नेसलेली, कामावरून सरळ आलेली दिसत होती, खांद्याला पर्स. ओळखायला मला वेळ लागला नाही.

"खोटं आहे," संगीता म्हणाली. "माझं दुखावलं होतं. खूप." तिने खांद्यावरची पर्स सावरली. "आणि मग माझ्या दारात येऊन, सगळ्या चाळीसमोर, त्यांनी माझी माफी मागितली होती. मी पंधरा वर्षांची होते. मला तेव्हा 'असू दे' म्हणता आलं नाही. ते सांगायला आलेय."

मालक खाली बसले. फोटोतल्या बाई चष्मा कपाळावर सरकवून आमच्याकडे बघत होत्या. संगीताचा हात अजून वरच होता.