शेवटची ओळ येईपर्यंत

ज्या कामात तोंड बंद ठेवावं लागतं तिथे किस्से जास्त साठतात, असं माझं मत झालंय. आमचं टेस्टिंगचं टेबल त्यातलंच. दिवसभर कानाला काचेचा गोळा लावून बसायचं. शेजारणीशी एक शब्द बोललं तरी गाणं चुकतं. मग दुपारी डबे उघडले की भाजीच्या आधी किस्से बाहेर पडतात. मी नवीन, त्यातून मुळातच कमी बोलणारी. ऐकून ऐकून सगळ्यांचे किस्से माझ्याकडेच जमा झाले. म्हटलं, आता वाटून टाकावेत!

आधी गोळ्यांचं सांगते. बोईसरला एमआयडीसीत आमची छोटीशी कंपनी आहे. तिथे नाताळचे काचेचे गोळे बनतात. आत इवलंसं घर, घराच्या खिडकीत पिवळा दिवा. गोळा हलवला की घरावर बर्फ पडतो, खालचं बटण दाबलं की इंग्रजी गाणं वाजतं. गाणी सगळी एका जातीची. कुणीतरी कुणावर तरी प्रेम करतंय, त्यातलं एक जण घरापासून लांब आहे, आणि नाताळ जवळ आलाय. माल बोटीने परदेशी जातो, त्यामुळे आमच्याकडे नाताळ एप्रिलमध्येच सुरू होतो. बाहेर अंगाची लाही होतेय आणि आत पंख्याखाली आम्ही बायका घामाघूम होऊन बर्फ हलवत बसलोय!

लग्न होऊन अमळनेरहून इथे आले आणि दोनच महिन्यांत कंपनीत लागले. नवरा सचिन तारापूरच्या बाजूला केमिकल कंपनीत, सासरे तिथल्याच अणुवीज प्लांटमधून रिटायर. 'घरी बसून काय करशील?' असं सगळ्यांनीच विचारलं.

*

पहिल्याच दिवशी फिलोमिना मॅडमनी नियम सांगितला. त्या आमच्या सुपरवायझर, वसईकडच्या. "पीस पूर्ण ऐकायचा. शेवटची ओळ आल्याशिवाय पास नाही."

मी मान हलवली. पण चेहऱ्यावर प्रश्न दिसला असावा.

"एका वर्षी कुणीतरी अर्धंच ऐकून पास केलं," मॅडम म्हणाल्या. "अख्खा लॉट परत आला. गाणं छान वाजायचं, फक्त शेवटी 'मी घरी येतोय' म्हणायच्या आधी बंद पडायचं. बायरचा फोन आला, 'माणूस घरी पोचतच नाही, आम्ही विकायचं काय?'"

*

माझ्या उजव्या हाताला मंदा मावशी बसतात, सातपाटीच्या. सहा वर्षं गाणं ऐकतायत, पाठ आहे, अर्थ विचारायला मात्र कुणी मिळालं नव्हतं. मी बीए इंग्लिश म्हटल्यावर त्यांनी डबा बाजूला सारला.

"काय बोलते गं ती बाय?"

"तिचा माणूस लांब आहे, मावशी. ती खिडकीत दिवा लावून वाट बघतेय."

"खिडकीत बसून?" मावशींना पटेना. "माजा नवरा बोटीवर जातो, तवा मी काय दिवा लावून बसते काय? बोट लागली की टोपली घेऊन बंदरावर पळायला लागते. वाट बघायची तर टोपली घेऊन बघ म्हनावं तिला!"

सगळं टेबल हसलं.

नारळी पौर्णिमेनंतर बोटी पुन्हा समुद्रात गेल्या आणि एक दिवस वारा सुटला. मावशींच्या घरची बोट परतली नव्हती. त्या दिवशी त्यांच्या ट्रेमधला एकही पीस पुढे सरकेना. एकच गोळा कानाला लावून पुन्हा पुन्हा बटण दाबत होत्या.

"मावशी, हा पास आहे," मी हळूच म्हटलं.

"ठावं हाय. ऐकला की बरं वाटतं."

दुपारनंतर त्यांचा मोबाइल थरथरला. पलीकडचं ऐकून त्यांनी नुसतं "लागली बोट? हां" म्हटलं, पदराने तोंड पुसलं आणि गोळा माझ्याकडे सरकवला. "पास. घाल खोक्यात."

*

कार्टन भरणारे रामआशिष भैया बिहारचे. त्यांनीही एकदा त्याच गाण्याच्या शेवटच्या ओळीचा अर्थ विचारला. "मॅडम, ये आदमी रोज क्या बोलता है?"

"बोलता है, इस साल घर आऊंगा."

"फिर? आया?"

"गाने में नहीं बताया, भैया."

रामआशिष भैयांनी टेप लावता लावता विचार केला. चेहरा एकदम गंभीर. "टिकट कन्फर्म नहीं हुआ होगा बेचारे का. सीज़न में तो वेटिंग ही मिलता है."

तेव्हापासून त्या गाण्याचं खरं नाव कुणी घेत नाही. "वेटिंगचे दोन कार्टन उचला!" असंच ओरडतात. मॅनेजरसाहेबसुद्धा!

*

कानाची सवय कशी वाईट असते, ते मला सासरी कळलं. आमच्या दाराची बेल गाणं म्हणणारी आहे. एका सुट्टीच्या दुपारी बेल वाजली. मी उठले, दारापाशी गेले आणि मान तिरकी करून उभी राहिले. बेल थांबली. पुन्हा वाजली. पुन्हा मी शेवटपर्यंत ऐकली.

आतून सासूबाई ओरडल्या, "अगं, बेल वाजतेय!"

"हो आई, पूर्ण वाजतेय!"

दार उघडलं तर सासरे. दोन्ही हातांत भाजीच्या पिशव्या, डोक्यावर ऊन. मला आपादमस्तक न्याहाळून म्हणाले, "पास झालो असेन तर येऊ का आत?"

सासूबाईंनी हा किस्सा सगळ्या नातेवाइकांना सांगितलाय. सुनेचं कौतुक म्हणूनच सांगतात, असं मी धरून चालले आहे.

*

दातिवरे गावची कल्पना ही आमच्याच टेबलावरची मुलगी. मे महिन्यात तिचं लग्न. हळदीला आम्ही सगळ्या गेलो. मांडवात बेंजो वाजत होता, बायका नाचत होत्या. कुणीतरी म्हणालं, "ए कंपनीवाल्या, तुमी पन म्हना ना एकादं!"

आम्हाला एकत्र येणारं गाणं एकच. मंदा मावशींनी सुरुवात केली आणि हळदीच्या मांडवात आम्ही नाताळचं गाणं सुरू केलं. बर्फ, दिवा, खिडकी, सगळं! सवय अशी की मध्ये कुणी थांबेना. शेवटची ओळ झाल्यावरच तोंडं मिटली.

मला वाटलं, आता फजिती! तर कल्पनाची आत्या डोळे पुसत पुढे आली. "पोरीला सासरी पाटवायचं गानं हाय ना गं हे?"

मी खरा अर्थ सांगायला तोंड उघडलं होतं. फिलोमिना मॅडमनी माझा हात दाबला.

"हो, तेच आहे," त्या म्हणाल्या.

कल्पनाच्या बाबांनी गाणं परत म्हणायला लावलं. बेंजोवाल्याने तोवर चाल उचलली होती. दुसऱ्या दिवशी वरात त्याच गाण्यावर नाचत गेली. भर मे महिन्यात!

*

मी एकदा फिलोमिना मॅडमना विचारलं, "खऱ्या नाताळात तुम्हाला ही गाणी ऐकून कंटाळा येत नाही का हो?"

"चर्चमध्ये क्वायरचं गाणं सुरू झालं ना, की शेवटची ओळ येईपर्यंत मी पापणी लववत नाही," त्या म्हणाल्या. "फादरना वाटतं, बाई भलतीच भाविक आहे!"

त्यांची मुलगी कॅनडाला असते. तिकडे खरा बर्फ, गुडघाभर. तरी एकदा फोनवर म्हणाली, "मम्मी, मला तुमचा एक गोळा पाठव ना."

"मी म्हटलं, अगं, खिडकीतून बाहेर बघ, सगळं फुकट आहे! तर म्हणते कशी, 'बर्फ आहे गं. मधलं घर नाहीये.'"

मॅडमनी डब्याचं झाकण दाबून बसवलं. "जेवणं झाली असतील तर उठा आता. काय मेजवानी चाललीय?"

*

आता माझ्या दिवाळसणाचं. लग्नानंतरची पहिली दिवाळी म्हणजे माहेरी जायचं, जावयाचा मान व्हायचा. भाऊ भूषण मुराळी म्हणून न्यायला येणार होता. आईने सचिनसाठी शर्टपीस आणि चांदीची वाटी केव्हाच आणून ठेवली होती. लग्नानंतर मी माहेरी गेले नव्हते. आईशी फोनवर बोलणं व्हायचं. नाना, म्हणजे माझे वडील, फोनवर येत नाहीत. मागून नुसतं म्हणतात, "जेवली का विचार." अमळनेरला त्यांचं सायकल दुरुस्तीचं दुकान आहे. पण गावात काहीही बिघडलं, घड्याळ, मिक्सर, शिवणयंत्र, तरी ते नानांकडेच येतं. नानांच्या हाताखालून एकही वस्तू बिघडलेली परत गेली नाही. शब्द मात्र मोजून. मी कुणावर गेलेय ते कळलंच असेल.

दिवाळी तोंडावर आली आणि बायरची वाढीव ऑर्डर आली. माल विमानाने जाणार. सगळ्यांच्या रजा रद्द!

आईला सांगितलं. ती म्हणाली, "काम आहे तर राहू दे गं. दिवाळी काय, पुढच्या वर्षीही येते." मागून नानांचा आवाज आला नाही. जेवली का, तेही नाही.

बाकीच्या मॅडमकडे जाऊन भांडल्या, रडल्या. मला मागता येत नाही, जन्मजात. मी माझ्या जागी बसले आणि पहिला गोळा कानाला लावला. रिजेक्ट. दुसरा. रिजेक्ट. ट्रे संपत आला तरी एकही पास नाही!

मॅडम आल्या. "काय झालं या लॉटला?"

"शेवटची ओळ येत नाही."

त्यांनी एक गोळा उचलून कानाला लावला, पूर्ण ऐकला. मग दुसरा. मग मला म्हणाल्या, "येतेय की. स्वच्छ येतेय."

"मला नाही ऐकू येत, मॅडम."

मॅडम माझ्याकडे बघत राहिल्या. मी गोळ्यातल्या घराकडे.

"कान बिघडलेत तुझे," त्या एकदम सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या. "असल्या कानांनी माझी अख्खी ऑर्डर बुडवशील! भाऊबीज होईपर्यंत या टेबलापाशी दिसू नकोस."

"मॅडम, माजे पन कान ठनकतात!" मंदा मावशी लगेच म्हणाल्या.

"तू गप बस. तू रोज घरी जातेस ना?"

"जाते," मावशी म्हणाल्या आणि माझा ट्रे त्यांनी स्वतःपुढे ओढून घेतला.

निघताना मॅडमनी माझ्या हातात एक गोळा ठेवला. स्वतः तपासून पास केलेला. "तुझ्या घरच्यांना दे. म्हणावं, पोरगी इथे काय उद्योग करते ते बघा."

*

अमळनेरला आईने सचिनला ओवाळलं, पुरणपोळीवर पुरणपोळी वाढली. गोळा नानांनी घेतला. आधी उलटा करून स्क्रू बघितले. मग मी सांगितलं तसा कानाला लावला आणि डोळे मिटून ऐकला.

"पूर्ण ऐकायचा, नाना. शेवटची ओळ आली तरच पास."

"काय म्हणतो शेवटी?"

"घरी येतोय म्हणतो."

"हं," नाना म्हणाले. गोळा दुकानात नेला आणि पान्यांच्या फळीवर मधोमध ठेवला.

भाऊबीज झाली, मी परत आले. टेबल, ट्रे, गोळे. मग तेही संपले. डिसेंबरात आमच्या कंपनीत एकही गाणं वाजत नाही. आम्ही पुढच्या वर्षीच्या रिकाम्या खोक्यांना लेबलं लावत बसतो.

अशाच एका दुपारी फोन वाजला. आईचा नंबर. पण बोलले नाना!

"काय झालं, नाना? आई बरी आहे ना?"

"बरी आहे. ते तुझं खेळणं बिघडलंय."

"काय झालं त्याला?"

"शेवटची ओळ येत नाही."

"उघडून बघा ना. चारच स्क्रू आहेत."

"माझ्याच्याने नाही व्हायचं. नाजूक काम आहे. तुमच्या कंपनीचंच माणूस लागेल."

"मग कुरिअरने पाठवून द्या. मी इथे बघते."

"फुटेल." मग म्हणाले, "संक्रांतीला सुट्टी देतात का तुम्हाला?"

मी काही बोलायच्या आत पलीकडे कुणीतरी बटण दाबलं असावं. आईच असणार. गाणं सुरू झालं. बर्फ झाला, दिवा झाला, खिडकी झाली. आम्ही दोघांनी ते शेवटपर्यंत ऐकलं. शेवटची ओळ आली. अगदी स्वच्छ.

"ऐकलंस?" नाना म्हणाले.

"ऐकलं," मी म्हटलं. "रिजेक्ट आहे, नाना. येऊनच बघावं लागेल."